पन्नास गुणांचं आडनाव



गेल्या हिवाळ्यात एका रविवारी आम्ही रत्नागिरी शहरात मोबाईलवरचा एक खेळ खेळलो. आपल्याकडे त्याला ट्रेझर हंटच म्हणतात. टीम करायची, ॲप उघडायचं, नकाशावरचा ठिपका पेटला की तिकडे चालत सुटायचं. ठिकाणावर पोहोचलं की एक कोडं येतं. ते कधी पाटी वाचून सोडवायचं, कधी फोटो काढून, तर कधी तिथल्या माणसाला विचारून. गुण मिळतात, घड्याळ पळत असतं, आणि दुसरी टीम कुठवर पोहोचली तेही स्क्रीनवर दिसतं. या खेळाची थीम होती राजे, किल्ले आणि क्रांतिवीर. एकूण बारा ठिकाणं होती. ॲपचं नाव सांगत नाही, कारण प्रश्न एका ॲपचा नाही.

आमची टीम सहा जणांची. अभ्यासवर्गाला येणारी चार मुलंमुली, एक कार्यकर्ता मित्र आणि आम्ही. टीमला नाव द्या असं ॲप म्हणालं, तेव्हा बाकीच्या टीमांनी टायगर्स, वॉरियर्स वगैरे टाकलं. आमच्या पोरांनी टाकलं ‘वणंद’. दुसऱ्या टीममधल्या एकानं विचारलं, हा कुठला किल्ला? आमच्यातल्या मुलानं सांगितलं, किल्ला नाही, रमाईचं माहेर आहे, दापोलीजवळ. तो बरं म्हणून पुढे गेला.

आधी एक कबुली देऊ. आपल्या चळवळीतली माणसं असल्या खेळांना नाकं मुरडतात आणि आम्हीही मुरडत होतो. पण दोन तासांच्या व्याख्यानात मागच्या रांगेत मोबाईल बघत बसणारी हीच पोरं त्या दिवशी चार तास उन्हातून चालली, पाट्या वाचत राहिली, एकमेकांशी वाद घालत राहिली. वर्षानुवर्षं ज्या शहरात बाजाराला, कॉलेजला, सिव्हिलला येतो, ते त्यांनी पहिल्यांदा मान वर करून बघितलं. भाषणानं जे होत नाही ते पायांनी होतं, हे त्या दिवशी आम्हाला मान्य करावं लागलं.

आणि कोडी काही सगळीच वाईट नव्हती. टिळकांच्या जन्मस्थानाजवळचं एक कोडं तर झकास होतं. रत्नागिरीत जन्मलेला एक माणूस मंडालेच्या तुरुंगात होता, तेव्हा मंडालेचा एक माणूस रत्नागिरीत कैदेत होता, तो कोण? उत्तर सोपं आहे. टिळक १९०८ ते १९१४ मंडालेला होते आणि ब्रह्मदेशाचा शेवटचा राजा थिबा १८८६ पासून १९१६ साली मरेपर्यंत रत्नागिरीत होता. इंग्रजांनी बंदिवानांची अशी अदलाबदल केली होती. त्याआधी बहादूरशहा जफरला रंगूनला पाठवलंच होतं. पोरांना हे भारी आवडलं.

मग आम्ही थिबा पॅलेसला गेलो. तांबडी इमारत, अर्धगोल नक्षीदार खिडक्या, आणि खाली भाट्याच्या खाडीकडे उतरत गेलेला परिसर. इंग्रजांनी हा राजवाडा १९१० च्या सुमारास पुरा केला, म्हणजे थिबाच्या वाट्याला तो जेमतेम सहा वर्षं आला. त्याआधीची चोवीस वर्षं तो भाड्याच्या बंगल्यांतून राहत होता. ॲपमध्ये मजकूर होता तो असा, की देश गमावलेला राजा या टेकडीवरून समुद्राकडे बघत बसायचा. पुढे प्रश्न, खिडक्या किती? आम्ही खिडक्या मोजत होतो तेवढ्यात आमच्यातल्या एका मुलीनं विचारलं, “ताई, ब्रह्मदेशाचा राजा म्हणजे बौद्धच ना?”

ॲपमध्ये तो शब्दच नव्हता. राजा, राणी, निर्वासन, हिरेमाणकं, सगळं होतं. बौद्ध नव्हतं.

आम्ही तिथंच पायरीवर बसलो. घड्याळ पळत होतं, ते पळू दिलं. थिबा राजा होण्याआधी विहारात भिक्खू होता आणि पालि ग्रंथांची परीक्षा उत्तीर्ण झाला होता. त्याचा बाप मिंडॉन यानं १८७१ साली मंडालेला पाचवी धम्मसंगीती भरवली, अख्खं त्रिपिटक ७२९ संगमरवरी शिळांवर कोरून घेतलं. सहावी संगीती रंगूनला १९५४ मध्ये सुरू झाली आणि त्याच वर्षी बाबासाहेब रंगूनला गेले होते. आणि १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपुरात बाबासाहेबांना ज्यांनी दीक्षा दिली ते महास्थविर चंद्रमणी हेही मूळचे ब्रह्मदेशचेच. म्हणजे आमच्या आज्यापणज्या ज्या काळात गावकीची कामं करत होत्या, देवळाच्या पायरीखालून हात जोडत होत्या, त्याच काळात त्यांच्या जिल्ह्याच्या गावी एक बौद्ध राजा तीस वर्षं कैदेत होता. त्याला त्या ठाऊक नव्हत्या आणि त्यांना तो ठाऊक असला तरी ब्रह्मदेशचा राजा म्हणून. पोरं गप्प झाली. मग एकजण म्हणाला, “म्हणजे राजा आपला होता?”

इथं आम्हाला थांबावं लागलं. बौद्ध होता म्हणून आपला, हा हिशोब बरोबर नाही. थिबा गादीवर आल्यावर १८७९ मध्ये राजघराण्यातल्या डझनावारी नातलगांची कत्तल झाली, ती त्याच्याच दरबारातून. राजा तो राजाच. आपलं नातं धम्माशी आहे, गादीशी नाही. त्यापेक्षा आम्हाला त्याची थोरली मुलगी जवळची वाटते. राजवाड्यातल्या एका मराठी नोकरापासून तिला मुलगी झाली. १९१९ मध्ये बाकीचं कुटुंब ब्रह्मदेशात परतलं, ती मात्र पुन्हा रत्नागिरीत आली आणि १९४७ साली गरिबीत इथंच वारली. जातीबाहेर, कुळाबाहेर, देशाबाहेर जगलेली ही बाई. तिच्यासाठी नकाशावर ठिपका नव्हता.

थिबाच्या समाधीसाठीही नव्हता. त्याचं पार्थिव इंग्रजांनी ब्रह्मदेशात जाऊ दिलं नाही, ते इथंच शिवाजीनगर भागात आहे. म्यानमारचे अध्यक्ष थेन सेन डिसेंबर २०१२ मध्ये खास तिथं येऊन गेले. राजवाडा दिसायला छान, फोटो चांगला येतो, म्हणून तो नकाशात. समाधी बाजूला.

आता ज्या गोष्टीसाठी हा लेख लिहायला घेतला तिच्याकडे येतो.

सातवं की आठवं ठिकाण शहरातल्या एका जुन्या आळीत होतं. कोडं असं होतं की, आळीतल्या एखाद्या जुन्या जाणत्या माणसाला विचारून या जागेचं पूर्वीचं नाव शोधा. पन्नास गुण, सगळ्यात जास्त. चिऱ्याच्या गडग्याआड एक घर, ओटीवर झोपाळा, झोपाळ्यावर एक वयस्कर गृहस्थ. आमच्यातली सर्वांत धीट मुलगी पुढे झाली. वय सतरा. बोलायला चुणचुणीत, शाळेत वक्तृत्वाची बक्षिसं मिळवलेली. गृहस्थ छान बोलले. आत हाक मारून सगळ्यांना कोकम सरबत आणायला सांगितलं. मग सहज विचारलं, “नाव काय गो तुझं?” तिनं नाव सांगितलं. “आडनाव?”

तिचं आडनाव कांबळे. ती म्हणाली, “शिंदे.”

“कुठले शिंदे? गाव कुठलं?” तिनं गाव खरं सांगितलं. “वाडी कुठली?”

कोकणातल्या वाचकाला पुढचं समजावून सांगायला नको. बाहेरच्यांसाठी सांगतो. आमच्याकडे शिंदे, जाधव, पवार, मोहिते ही आडनावं मराठ्यांतही आहेत आणि बौद्धांतही. म्हणून इथं आडनावावर प्रश्न संपत नाही. वाडी विचारली की संपतो, कारण गावात कुणबीवाडी वेगळी, भंडारवाडी वेगळी, बौद्धवाडी वेगळी. समाजशास्त्राच्या पुस्तकात ज्याला अवकाशाचं विभाजन म्हणतात ते कोकणात पोस्टाच्या पत्त्यातच लिहिलेलं असतं. ती म्हणाली, “वरची वाडी.” गृहस्थांनी मान डोलावली, आळीचं जुनं नाव सांगितलं. सरबत आलं, आम्ही प्यालो, आभार मानले. तिनं उत्तर टाइप केलं, स्क्रीनवर फुलबाजे उडाले, पन्नास गुण.

त्या गृहस्थांवर आमचा राग नाही. त्यांनी अपमान केला नाही, हाकललं नाही. कदाचित तिनं खरं सांगितलं असतं तरी त्यांनी सरबत दिलं असतं. पण तो ‘कदाचित’ तपासून बघायची जोखीम एका सतरा वर्षांच्या मुलीनं, पाच जणांच्या वतीनं, घड्याळ चालू असताना का घ्यावी? आणि तिच्यामागे उभे असलेले आम्ही, एम.ए. झालेले, जातिअंतावर शिबिरं घेणारे, आम्ही तरी काय केलं? सरबत प्यालो.

परतीच्या एसटीत ती खिडकीशी बसली होती. बऱ्याच वेळानं म्हणाली, “ताई, खोटं बोलले ना मी. गेमसाठी.”

आम्हाला बाबासाहेबांचं ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ आठवलं. १९०१ सालची गोष्ट. बाबासाहेब नऊ वर्षांचे. भावंडांबरोबर वडिलांना भेटायला निघालेले, अंगावर नवे कपडे. मसूर स्टेशनवर स्टेशनमास्तरनं कौतुकानं चौकशी केली आणि महार आहोत असं कळताच तो मागे सरकला. पुढे रात्री, बैलगाडीत, बरोबर डबा आहे पण प्यायला पाणी नाही. गाडीवानानं सल्ला दिला की टोलनाक्यावर मुसलमान आहोत म्हणून सांगा. त्या नऊ वर्षांच्या मुलानं तसं सांगितलं, उर्दूत बोलला. तरी पाणी मिळालं नाही. पुढे परदेशात शिकून बडोद्याला नोकरीला गेले, तेव्हा डोकं टेकायला जागा मिळावी म्हणून पारशी नावानं राहावं लागलं. हे सगळं त्यांनी स्वतः लिहून ठेवलं, लपवलं नाही. आम्ही तिला एसटीतच सांगितलं. तिनं शांतपणे ऐकलं आणि म्हणाली, “त्यांना पाणी हवं होतं. मला पॉइंट हवे होते.”

यावर आमच्याकडे उत्तर नव्हतं. अजूनही नीटसं नाही.

पण प्रश्न फक्त तिचा नाही, खेळाची मांडणी करणाऱ्याचाही आहे. ‘कुणालाही विचारा’ असं कोडं लिहिणाऱ्याच्या डोक्यात हे आलंच नाही की शहरातलं प्रत्येक दार प्रत्येकासाठी सारखं नसतं. ज्यानं आयुष्यात आडनाव सांगताना आवंढा गिळलेला नाही, त्याला हे कोडं मजेशीर वाटणारच. आणि हे फक्त आपल्याकडेच होतं असं नाही. २०१६ मध्ये पोकेमॉन गो आलं, तेव्हा अमेरिकेत हाच बोभाटा झाला. त्या खेळातली ठिकाणं ठरली होती आधीच्या एका खेळातल्या खेळाडूंनी सुचवलेल्या जागांवरून. सुचवणारे कोण, तर बहुतांशी गोरे, सुस्थितीतले. अर्बन इन्स्टिट्यूटनं वॉशिंग्टन शहरात मोजलं, तर गोऱ्या बहुसंख्येच्या वस्त्यांत सरासरी ५५ ठिकाणं आणि काळ्या बहुसंख्येच्या वस्त्यांत १९. कुणी मुद्दाम वगळलं नव्हतं. जे स्वतःला दिसतं तेच माणूस नकाशावर टाकतो.

रत्नागिरीच्या नकाशावर काय दिसत नाही? खोती दिसत नाही. या जिल्ह्याचा इतिहास खोतीशिवाय सांगणं म्हणजे समुद्राशिवाय सांगणं. खोत हा सरकार आणि कुळं यांच्या मधला वसुलीदार, पण गावात तोच सरकार होऊन बसला. कुणबी, महार, भंडारी, मुसलमान, सगळी कुळं त्याच्या शेतात राबली, पिकाचा वाटा दिला, वर वेठ केली. १४ एप्रिल १९२९ ला चिपळूणला रत्नागिरी जिल्हा शेतकरी परिषद झाली, तिचे अध्यक्ष बाबासाहेब होते. १७ सप्टेंबर १९३७ ला त्यांनी मुंबई विधिमंडळात खोती रद्द करण्याचं विधेयक मांडलं. १० जानेवारी १९३८ ला कोकणातले हजारो शेतकरी मुंबईत कौन्सिल हॉलवर मोर्चानं गेले. कायदा व्हायला १९४९ उजाडलं. टिळकांच्या जन्मघरात ॲपनं आम्हाला वीस गुणांचा प्रश्न विचारला. त्यांचं घराणं दापोली तालुक्यातल्या चिखलगावचं खोत होतं, हे मात्र सांगितलं नाही. टिळकांचं मोठेपण त्यानं कमी होत नाही. पण ज्यांच्या पणज्यांनी वेठ केली त्या मुलांना त्या घरात उभं राहून हे माहीत असायला हवं.

खोतीचं स्मारक नाही, म्हणून ठिपका नाही. आपल्या इतिहासाची ही नेहमीची अडचण आहे. आपल्याकडे वाडे नाहीत, बुरूज नाहीत. आपल्याकडे वाटा आहेत, बंदरं आहेत, पाणवठे आहेत, आणि माणसांच्या तोंडी असलेल्या हकिगती. मॉरिस हाल्बवाक्स हा समाजशास्त्रज्ञ म्हणतो की स्मृती टिकायला समूह लागतो आणि जागा लागते. समूह आपल्याकडे आहे. जागा आपणच नेमून घ्याव्या लागतील.

म्हणून जानेवारीपासून आम्ही आमचा खेळ बनवायला बसलो. त्यासाठी पैसे लागत नाहीत हे साथींनी लक्षात घ्यावं. गुगलच्या माय मॅप्सवर फुकट ठिपके टाकता येतात. कोडी व्हॉट्सॲपच्या ग्रुपवर सोडायची, उत्तर आलं की पुढचं कोडं. उपग्रहावरून जागा हुडकण्याचा हा खेळ सुरूही असाच झाला होता. मे २००० मध्ये अमेरिकी सरकारनं लष्करी कारणासाठी मुद्दाम बिघडवलेला जीपीएसचा सिग्नल सर्वांसाठी मोकळा केला आणि दोनच दिवसांत ओरेगॉनमध्ये एकानं रानात बादली लपवून तिचे अक्षांश-रेखांश जाहीर केले. बादली तर आपल्याकडेही आहे.

पहिलं भांडण पतितपावन मंदिरावरून झालं. अर्धी मुलं म्हणाली, ते घ्यायचंच नाही, ते सावरकरांचं. आमचं मत घ्यावं असं होतं. १९३१ साली ते उघडलं, पैसा भागोजीशेठ कीर यांचा, आणि सावरकरांची प्रेरणा. त्याच सुमारास, १९३० पासून, बाबासाहेबांच्या नेतृत्वाखाली नाशिकला काळाराम मंदिराच्या दारात सत्याग्रह चालू होता. तिथं जुन्या देवळाचं दार उघडा म्हणून माणसं मार खात होती. इथं सर्वांसाठी म्हणून नवं देऊळ बांधलं गेलं. या दोन गोष्टींत फरक काय, हे आमचं कोडं. आणि भागोजीशेठना त्यात गाळायचं नाही असं ठरलं. ते भंडारी समाजातले, मोलमजुरीतून वर आलेले. दादर चौपाटीवरची स्मशानभूमी त्यांनीच बांधून दिली. ७ डिसेंबर १९५६ ला बाबासाहेबांवर अंत्यसंस्कार झाले ते त्याच चौपाटीवर. मंदिर नको म्हणणारा मुलगा हे ऐकून म्हणाला, मग शेवटचं कोडं हेच ठेवू. ठेवलं.

मांडवीवर भांडण झालं नाही. ॲपनं तिथं गेट वे ऑफ रत्नागिरी म्हणून सेल्फी मागितली होती. आम्ही विचारणार आहोत, तुमच्या घरातलं पहिलं माणूस मुंबईला कधी गेलं, बोटीनं की एसटीनं, आणि उतरलं कुठल्या चाळीत? याचं उत्तर घरी फोन करून आणायचं. चाचणी घेताना एका मुलानं आजोबांना फोन लावला. ते गिरणीत होते, राहायला बीडीडी चाळीत. त्यांनी अर्धा तास फोन ठेवलाच नाही. बाकीची टीम जेट्टीवर भेळ खात बसली.

दुसरं भांडण मोठं होतं आणि त्यात आम्ही हरलो. आमच्या वाडीतल्या जुन्या विहिरीला ठिपका द्यावा असं आम्हाला वाटत होतं. गावची विहीर वेगळी होती, ही आपली. वाडीच्या बैठकीत विषय काढला. एक म्हातारी आजी उठल्या. म्हणाल्या, “पोरं येतील, मोबाईल लावतील, फोटो काढतील. आम्ही काय जत्रेतला पाळणा? त्या विहिरीला उन्हाळ्यात पाणी नसायचं, तेव्हा आम्ही कुठून आणलं ते विचारायला कोण आला?” आम्ही स्मृतीचं महत्त्व वगैरे सांगायला लागलो. त्यांनी हात केला आणि बसवलं. विहीर नकाशावर नाही. त्या आजींकडे आता दोन मुली वही घेऊन जातात. त्यांना जेवढं सांगायचं तेवढं त्या सांगतात.

समाधी आहे, थोरली राजकन्या आहे. खोतीसाठी जिल्हाधिकारी कार्यालयाचं फाटक धरलंय. तिथं सुरक्षारक्षकानं दोनदा हटकलं, म्हणून कोडं रस्त्याच्या पलीकडे हलवलं. थिबा पॉइंटला रेंज जाते, तिथं चिठ्ठी ठेवू.

एकच गोष्ट ठरत नाही. खेळाचं पहिलं काम काय असावं, यावर त्याच मुलीनं एक सूचना दिली आहे. टीमचं नाव टाकायचं नाही, प्रत्येकानं आपलं पूर्ण नाव, आडनाव, गाव आणि वाडी मोठ्यानं सांगायची, मग पहिलं कोडं मिळेल. खेळ आपल्या पोरांपुरता नाही, कॉलेजातल्या सगळ्यांसाठी आहे, त्यामुळे सगळ्यांनीच सांगायची. दोघांनी कडाडून विरोध केला. जो प्रश्न आपल्याला छळतो तोच आपण विचारायचा? आणि ज्याला नसेल सांगायचं त्याचं काय? ती म्हणाली, “विचारणार कोण यावर आहे ना ते.” तिसरा म्हणाला, वाडी वगळू, नुसतं आडनाव ठेवू. ती नाही म्हणाली. वाडीच महत्त्वाची, असं तिचं म्हणणं.

तीन बैठका झाल्या. आमचं मत अजून इकडे ना तिकडे. येत्या रविवारी चौथी बैठक आहे, साथींना काही सुचलं तर त्याआधी कळवावं.

जयभीम.